भटूनानाचं दिग्दर्शन

म्हसावदच्या एका लग्नात पाठवणी चालू असताना भटूनानाने नवरीला थांबवलं आणि शांतपणे सांगितलं, "ताई, रडनं चांगलं शे, पन उजेडकडे तोंड करीसन रड." नवरी वळली आणि पुन्हा रडली. वराकडची मंडळीही मुकाट्याने दोन पावलं मागे सरकली. मी गावातल्या शाळेत मराठी शिकवायला नुकताच रुजू झालो होतो. हा माणूस कोण, असं विचारल्यावर शेजारचे गृहस्थ म्हणाले, डायरेक्टर.

नाना तरुणपणी सहा वर्षं सुरतेत साड्यांच्या कारखान्यात होता. तिथून तो एक जुना कॅमेरा आणि कायमचा खोकला घेऊन परतला. आधी लग्नं, मग सारंगखेड्याच्या यात्रेत विक्रीच्या घोड्यांचे व्हिडिओ. घोडे नटांपेक्षा बरे, त्यांना आपण सुंदर दिसतो का याची काळजी नसते, असं त्याचं मत होतं.

पण त्याला एक खरा सिनेमा करायचा होता. मुलगा कामाला सुरतेला जातो आणि आई गावात राहते, एवढीच गोष्ट. गावाला सिनेमा आवडला नाही तर कॅमेरा विकून परत कारखान्यात जायचं, हे त्याने ठरवून टाकलं होतं. संवाद लिहायला तो माझ्याकडे आला. गावातली बोली चालेल का, असं मी विचारलं, तर तो दचकलाच. "सर, पडदावर शुद्धच बोलनं पडस."

मी शुद्ध लिहिलं. आईचं काम नानाच्या आईने, जिजीने केलं. मुलगा झाला गावचा टेलर. निरोपाच्या प्रसंगात जिजी म्हणायची, "बाळ, तुझ्या उज्ज्वल भवितव्यासाठी माझे शुभाशीर्वाद सदैव तुझ्या पाठीशी आहेत." हे वाक्य पाठ करायला तिला चार दिवस लागले. तिने तक्रार केली नाही.

मारुतीच्या पारासमोर पडदा लावला. त्या वाक्याला गाव पोट धरधरून हसलं. कुणीतरी म्हणालं, "हाई ते पंधरा ऑगस्टनं भाशन शे." मी अंधारात बसलो होतो, ते बरंच झालं. नानाने पडदा नीट घडी घालून ठेवला आणि तो कॅमेऱ्याला गिऱ्हाईक शोधायला लागला.

तिसऱ्या दिवशी जिजी त्याला म्हणाली, तो निरोप एकदा मला माझा देऊ दे. नानाने कॅमेरा लावला आणि विचारलं, "माय, तुले काय म्हननं शे?"

टेलर पिशवी घेऊन समोर उभा होता. जिजीने त्याच्याकडे पाहिलंच नाही. ती कॅमेऱ्यामागे पाहत म्हणाली, "जाय. पन फोनवर 'जेवनू' म्हनी खोटं बोलू नको. माले आवाजवरतून समजस."

नानाने कॅमेरा चालूच ठेवला. टेलर पिशवी धरून तसाच उभा राहिला. मग सगळा सिनेमा नव्याने झाला, आणि ज्याला जे म्हणायचं होतं ते त्याने म्हटलं. दुसऱ्या वेळी पारासमोर कुणी हसलं नाही. नाना सुरतेला गेला नाही.

माझी बदली झाली तेव्हा मी त्याला भेटायला गेलो. सिनेमात माझं एकही वाक्य उरलं नव्हतं, पण सुरुवातीला 'संवाद' म्हणून माझं नाव तसंच होतं. मला त्याची लाज वाटत होती. ते काढून टाक, असं मी म्हणालो.

"ऱ्हाऊ द्या सर," नाना म्हणाला. "तुम्ही तसं लिखं नसतं, तं मायले काय म्हननं शे, हाई मी कधी इचारतूच नही."