हिंवानं मारलेली बोरं

म्हसावदच्या आमच्या मळ्यात बांधावर बोरी होत्या. त्या पौषात सातपुड्यावरून असं हिंव उतरलं, की पहाटे झाडावरची बोरं गारेसारखी कडक झाली. उन्हं वर आली तशी मऊ पडून टपाटपा गळाली. पुरुषमाणसं म्हणाली, शेळ्यांपुढे टाका. मी टाकू देते होय!

माझ्या धाकट्या जावेला दिवस गेले होते. भाकरीच्या वासानंही तिला उमळून यायचं. पोटात ठरायचं ते फक्त वाळल्या बोरांचं उकळलेलं आंबट पाणी. आदल्या खेपेला तिचं पोट पडलं होतं, आणि आता पुन्हा ती तशीच खंगत चालली होती. मला भारी धास्ती वाटायची. ही बोरं गेली असती, तर पुढच्या हिवाळ्यापर्यंत दुसरी कुठून आणली असती?

सासूबाई आडव्या आल्या. "हाई मरेल फळ शे. पोटुशीले देवानं नही."

हिंवानं मारलेल्या फळानं पोटातलं बाळ गारठतं, असं आमच्याकडे मानत. मी म्हटलं, "आत्याबाई, बाळ उपाशी ठेवलं तर गारठायचं नाही का?" त्यांनी तोंड फिरवलं. फिरवू देत. ऐकावं जनाचं, करावं मनाचं.

एरवी आम्ही बोरं घराच्या मातीच्या धाब्यावर पसरायचो. ही रसानं चिकटली असती, म्हणून बाजेवर जुनं लुगडं ताणलं आणि बोराला बोर लागू न देता मांडली. खालून वारा, वरून ऊन. हिंवानं सालं आधीच तडकलेली, त्यामुळे पाणी भराभर उडालं. चांगल्या बोरांनाही इतक्या लवकर खडखडीत वाळताना मी पाहिलं नव्हतं! निंबाचा पाला घालून मडक्यात भरली, वर फडकं बांधलं.

आणि मडकं हलकं व्हायला लागलं. सासूबाईंच्या धाकानं जावेनं तर एकालाही हात लावला नव्हता. माझं डोकंच फिरलं. अंगणात उभी राहून ओरडले, "कोणाची जीभ एवढी चटावलीय? पोटुशीच्या तोंडचं खाता, लाजा नाहीत?"

सासूबाई चुलीपासून उठल्या.

"वरडू नको. मी खाई ऱ्हायनी रोज," त्या म्हणाल्या. "मन्हा पोटमा काही दुखनं नही. आते दे तिले."

आणि माझी वाट न बघता त्यांनीच जावेसाठी बोरं टाकून पाणी उकळायला ठेवलं.