चामड्याआडून आलेली हाक

माझा दादा स्मिक्रोस कधी कुणाच्या तोंडी लागला नाही, हे आधीच सांगून ठेवते. आमच्या पिरेयस बंदराच्या धक्क्यावर हल्ली त्याच्याबद्दल जे बोलतात ते ऐकून तुम्हाला वाटेल, माणूस भांडकुदळ असणार. भांडकुदळ मी आहे. मी खारे मासे विकते, तोंड चालवल्याशिवाय माझी चूल पेटत नाही. दादा चामड्याचं काम करायचा. हिवाळाभर लढाऊ जहाजांच्या वल्ह्यांच्या भोकांना लावायच्या चामड्याच्या बाह्या शिवायचा, आणि समुद्र खुला झाला की स्वतःचं वल्हं खांद्यावर टाकून, बसायची गादी काखेत मारून वल्हवायला निघायचा.

जागा सगळ्यात खालच्या रांगेतली. तिथे अंधार, वरच्यांचा घाम डोक्यावर गळतो, आणि वरचा माणूस पादला की थेट तोंडावर. आमचा नवरा मोस्खोस बरोबर त्याच्या वर बसायचा. घरी जेवायला बसले की मुद्दाम विचारायचा, "काय दादा, काल मी कांदे खाल्ले होते, कळलं का?" दादा हसून म्हणायचा, वर बसलायस बाबा, राज्य तुझं आहे.

खालच्या वल्ह्यांची भोकं पाण्याला लागून असतात. त्यांना बाही घट्ट बसवली नाही तर लाट सरळ आत येते. दादाच्या शिवणीतून थेंब येत नसे. अर्थात त्यातून बाहेरचंही काही दिसत नसे.

वहिनी लवकर गेली. मागे एकच पोरगा, थाल्लोस. तो माझ्याच घरी वाढला, आत्या आत्या करत माझ्या टोपलीतले मासे पळवत. त्या उन्हाळ्यात तोही पहिल्यांदा वल्ह्यावर बसला, पण वेगळ्या जहाजावर. बापलेक एका जहाजात नकोत, असं दादाच म्हणाला होता. एक बुडालं तर एक तरी घरी येईल, असा त्याचा हिशेब.

बेटांजवळ लढाई झाली आणि आपण जिंकलो. थाल्लोसचं जहाज धडकेने फुटलं होतं, माणसं फळ्यांना धरून तरंगत होती. बुडणाऱ्यांना उचला, असा सेनापतीचा साफ हुकूम होता. दादाच्या जहाजाचा कप्तान होता क्लीनिप्पोस, घोडे पाळणाऱ्या श्रीमंत घरातला. त्याचं लक्ष समोरच्या कड्यावर. तिथे शत्रूच्या ढाली टांगून विजयाची खूण उभारायची आणि तीही बाकीच्या कप्तानांच्या आधी. वारा वाढतोय म्हणाला, माणसं मागून येणारी जहाजं उचलतील म्हणाला, आणि जहाज त्या तरंगणाऱ्या लोकांमधून पुढे काढलं. मागच्यांनीही तेच केलं. संध्याकाळी वादळ आलं. ढाली कड्यावर छान टांगलेल्या होत्या म्हणे!

दादा घरी आला, वल्हं भिंतीला टेकवलं आणि बोलायचा थांबला. पोर गेलं एवढंच आम्हाला कळलं. बाकीचं मला कळलं ते सभेनंतर, आणि तेही नवऱ्याच्या मानगुटीवर बसून काढून घेतलं तेव्हा.

सभेत ठराव आला होता, की क्लीनिप्पोसला सोन्याचा मुकुट द्यावा. टेकडीवरच्या त्या सभेत आम्हा बायकांना मज्जाव. पुरुषांना मात्र कुणालाही बोलता येतं, हे आमच्या अथेन्सचं मोठं कौतुक. दवंडीवाला विचारतो, कोणाला बोलायचंय? जो पुढे येईल त्याच्या डोक्यावर पानांची माळ चढवतात आणि सगळं शहर त्याचं ऐकतं. ऐकतं म्हणे.

दादा पुढे गेला. जन्मात पहिल्यांदा. माळ घातली तर ती कानावर घसरली, आणि कुणीतरी ओरडलं, चामड्याचा वास आला, नाकं धरा. हशा झाला. दादा ठराव, कायदा काही बोलला नाही. त्याला एवढंच सांगायचं होतं.

"माझा थाल्लोस पाण्यात होता. त्याने आमचं जहाज ओळखलं आणि मला हाक मारली. चामड्याआडून मला ऐकू आली. मी ओरडलो, थांबा. वल्ह्यांना ताल देणारा बासरीवाला थांबला नाही, म्हणून माझे हातही थांबले नाहीत. मी वल्हं मारत माझ्या पोरापासून लांब गेलो. या माणसाला मुकुट देऊ नका."

मग सभा गप्प झाली असेल, असं तुम्हाला वाटतंय ना? मलाही वाटलं होतं. क्लीनिप्पोस उठला, गोड आवाजात म्हणाला, बापाचं दुःख मी समजतो, पण खालच्या रांगेतल्या माणसाला समुद्रावरचं काय दिसतं? माझ्या जहाजावरच्या बाकीच्यांना विचारा. मग मुकुट द्यावा असं ज्यांना वाटतं त्यांना हात वर करायला सांगितलं.

आणि त्या जहाजावरच्या मेल्यांनी हात वर केले. सगळ्यांनी. आमच्या नवऱ्यानेही.

"तू केलास?" मी विचारलं.

"अगं, सगळ्यांनीच केले."

"तू वर बसला होतास. दादाला ऐकू आलं, ते तुला आलं नाही?"

त्याने मान खाली घातली. मग सांगितलं, सभेच्या दिवशी सकाळीच क्लीनिप्पोसने बंदरावर बैल कापला होता, देवाला आणि खलाशांना. आमच्यासारख्यांना बैलाचं मांस सणासुदीला मिळालं तर मिळतं. पोटात त्याचं मांस, मग हात खाली कसा ठेवणार, म्हणाला. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ज्या पोराला मांडीवर घेऊन भरवलं, त्याला या माणसाने एका वाटीभर मांसात विकलं. मी त्याला घराबाहेर काढलाच असता, पण दादा म्हणाला, राहू दे, त्यालाही हाक ऐकू आली होती, झोपेत दचकतो तो.

हिवाळ्यात शहराने मेलेल्यांची अंत्ययात्रा काढली. ज्यांची हाडं मिळाली त्यांच्या पेट्या गाड्यांवर. जे मिळाले नाहीत त्या सगळ्यांसाठी एकच तिरडी, सजवलेली आणि रिकामी. ती उचलायला क्लीनिप्पोसने मोठ्या मानाने आपल्याच जहाजावरची माणसं दिली होती, मोस्खोस त्यांत पुढे. मागे स्वतः क्लीनिप्पोस, डोक्यावर तो मुकुट. कुंभारवाड्याच्या रस्त्याने आम्ही घरच्या बायका रडत चाललो होतो.

रिकाम्या तिरडीला वजन कसलं? ते लोक भराभर चालत होते, थंडीत कधी एकदा संपतंय असं. दादा बायकांमधून वाट काढत पुढे गेला आणि तिरडीच्या दांड्याला हात लावला.

"हळू चला रे," तो म्हणाला. "त्या दिवशीही घाईच होती तुम्हाला."

आवाज मोठा नव्हता. पण मोस्खोसचे पाय जागीच थांबले, त्याच्यामागे बाकीच्यांचे. कुणी पाऊल उचलेना. मागून क्लीनिप्पोस म्हणाला, चला, पुढे चला. कुणी हललं नाही. त्याने पुन्हा सांगितलं. मग तोही मुकुट घालून त्या रिकाम्या तिरडीमागे गप्प उभा राहिला, आणि त्याच्यामागे सगळं अथेन्स. दादाने दांडा सोडला तेव्हाच तिरडी उचलणारी माणसं चालू लागली, हळूहळू, दादाच्या चालीने.

संध्याकाळी मोस्खोस पानावर बसला आणि घास हातात धरून तसाच राहिला. एरवी मला दया आली असती.

"खा की," मी म्हटलं. "बैल नाहीये तो. खारा मासाच आहे."