शिमग्याला दाराला कुलूप

आमचे शेजारी काशीराम भावोजी एकटे राहतात, एवढं खरं. पण गप्प बसलेले मी त्यांना जन्मात पाहिले नाहीत. कोंबड्यांना शिव्या घालतील, फणसाशी बोलतील, नाहीतर दोन घरांमधल्या दगडी गडग्यावरून हाक मारतील, "सगुणा, आज कालवण कसलं गो?"

आणि त्यांच्यावर फिल्म काढायला आली पुण्याची श्रुती! सोबत एक कॅमेरावाला. फिल्मचं नाव काय, तर 'एकांत'. भावोजींनी तोंड उघडलं की ही म्हणायची, "काका, बोलू नका. नुसतं लांब बघत बसा." माणूस भिडस्त, पाहुण्यांचं मन कसं मोडणार? बघून माझंच डोकं फिरायचं.

त्यातच शिमगा आला. ग्रामदेवीची पालखी घरोघर निघाली. भावोजींची लेक मैना मुंबईला, दिवस भरत आलेले. आधीचं बाळ हाती लागलं नव्हतं. पालखी दारात आली की गावचे मानकरी गावकर घरच्या माणसांच्या नावानं 'राखण कर' म्हणून देवीला गाऱ्हाणं घालतात. यंदा मैनेसाठी घालून घ्यायचं, एवढंच भावोजींच्या डोक्यात. अंगण सारवून, ओटीचं ताट भरून बसले होते.

"पालखीला वेळ आहे, तोवर खाली ओढ्याजवळ एक सीन घेऊ," श्रुती म्हणाली. कॅमेऱ्याच्या बॅगा घरात, म्हणून बाईनं दाराला कुलूप ठोकलं. शिमग्याला कुलूप! आमच्याकडे त्याचा अर्थ एकच, घरचे गावात नाहीत; मग पालखी त्या दारात न थांबता पुढं जाते.

खाली ढोल ऐकून भावोजी उठले, तर श्रुती म्हणे, "एकच मिनिट, काका!"

पालखी माझ्या दारात आली तेव्हा गावकर म्हणाले, "काशीराम लेकीकडं गेलेला दिसतोय."

"गेले कुठं? इथंच आहेत!" मी ओरडले. पण पुढं निघालेली पालखी आमच्याकडे मागं फिरत नाही.

भावोजी धापा टाकत वर आले, तेव्हा ढोल पलीकडच्या वाडीत वाजत होता. श्रुतीनं कुलूप काढलं. भावोजी ओटीचं ताट घेऊन ओट्यावर बसले. "मैनेचं राहिलं गो," म्हणाले आणि घळाघळा रडायला लागले.

"मेल्यांनो, एकटा माणूस पाहिजे होता ना? घ्या, केलात एकटा!" मी किंचाळले.

श्रुतीचा चेहरा पडला. पण तो कॅमेरावाला हळूच म्हणतो, "काका, जरा उजेडाकडे तोंड करता?"

आणि भावोजी, काय बोलायचं या माणसाला, ताट मांडीवर धरून खरंच उजेडाकडे वळून बसले.