नाचाआधीचे सत्कार

माझी नात पायाच्या अंगठ्यांवर उभी राहून नाचायची. त्याला बॅले म्हणतात. हा शब्द माझ्या तोंडी बसायला दोन वर्षं लागली, भावकीच्या अजून बसलेला नाही. मी चौथी शिकले आहे. मला कळलं तेवढं लिहिते.

माझा मुलगा दौंडला रेल्वेत फिटर होता. त्याच्या क्वार्टरच्या मागे एक म्हातारी मॅडम राहायची. नवरा गेल्यावर ती कॉलनीच्या हॉलमध्ये मुलींना हा नाच शिकवू लागली. सून कामावर जायची, त्यामुळे संध्याकाळी पोरीला ठेवायचं कुठं हा प्रश्न होता. मॅडम दोन तास सांभाळायची. कलाबिला कुणाच्या डोक्यात नव्हती.

सुट्टीत नात न्हावऱ्याला माझ्याकडे आली की गोठ्याचं लोखंडी फाटक धरून एकच पाय वरखाली करत बसायची. मग दुसरा. म्हैस रवंथ थांबवून बघायची. मला वाटलं, पोरीच्या कमरेत दोष असेल आणि मॅडमनं व्यायाम दिला असेल.

माझा दीर दोनदा सरपंच झालेला. तो म्हणाला, "वैनी, आता आपल्या घरातनं नाचीण काढायची का?"

हा माणूस जत्रेत तमाशाच्या तंबूत पहिल्या रांगेत बसायचा. मी म्हटलं, "भावजी, तुम्हाला बघायला चालतं, मग तिला नाचायला का चालू नये?" त्यानं महिनाभर माझ्याकडं चहा घेतला नाही.

पोरगी पुढं पुण्याला शिकली, मग परदेशात गेली आणि तिथल्या एका मोठ्या मंडळीत काही वर्षं नाचली. मुलानं मोबाईलवर दाखवलं. पांढऱ्या कपड्यातल्या पुष्कळ पोरी, सगळ्या एकसारख्या. "यातली आपली कोणती?" "डावीकडची शेवटची." एवढ्या लांब जाऊन शेवटची! घरी आली तेव्हा तिची पावलं पाहिली. नखं काळी, बोटं वाकडी. ऊसतोडीच्या बाईचे पाय बरे. पुढं गुडघा गेला आणि ती दुसऱ्यांचे नाच बसवू लागली. पेपरात फोटो आला. दिरानं तो लॅमिनेट करून बैठकीत लावला आणि येणाऱ्याजाणाऱ्याला सांगू लागला, "आमच्या घराण्याची शान." ती सुट्टीला गावी आली की लोकही कामं घेऊन यायचे, "ताई, पोराच्या हळदीला दोन गाणी बसवून द्या की."

मागच्या वर्षी ती कायमची परत आली. शाळेच्या हॉलमध्ये तिनं गावातल्या सहा मुली जमवल्या, चार महिने शिकवलं आणि त्यांच्यावर कांदाकाटणीचा नाच बसवला. बायका रानात ओळीनं बसून विळ्यानं कांद्याची पात कापतात, तेच सगळं. मुलींचे बाप म्हणाले, आधी कार्यक्रम बघतो, मग पोरींना क्लासला पुढं पाठवायचं का ते ठरवतो.

नात मला म्हणाली, "आज्जी, इथं जमलं नाही तर मी नाच सोडणार. पुण्यात एका जिममध्ये नोकरी मिळतेय." ती उगाच बोलणारी नाही.

कार्यक्रम सकाळी दहाला होता. दिरानं माईक हातात घेतला आणि सत्कार सुरू झाले. आमच्याकडं एखाद्याचा सत्कार राहिला तर तो पुढच्या निवडणुकीपर्यंत लक्षात ठेवतो. त्यामुळं आजी सरपंच, माजी सरपंच, सदस्य, हेडमास्तर, मांडववाला, माईकवाला, सगळ्यांना शाल, नारळ, फेटा. मग कुणाला तरी आठवलं की फेटे बांधणाऱ्याचाच राहिला. माझाही केला. "कशाबद्दल?" विचारलं, तर दीर म्हणाला, "वैनी, गप घ्या नारळ."

प्रत्येक जण अजून न झालेल्या नाचावर बोलला. "अशी कला मी उभ्या आयुष्यात पाहिली नाही," एक जण म्हणाला, आणि ते खरंच होतं. सहा मुली शेजारच्या वर्गात पाय गरम ठेवत उभ्या होत्या. नात दारात घड्याळ बघत.

त्या आठवड्यात शेतीची लाईट दुपारी बाराला यायची. बारा वाजले, कुणीतरी ओरडलं, "लाईट आली रं!" आणि सगळे पुरुष विहिरीवरच्या मोटारी चालू करायला उठले. मोटारसायकली गेल्या. सहाही बाप गेले. दीर गेला, डोक्यावर फेटा तसाच.

"संपलं," नात म्हणाली.

"बायका बसल्यात की," मी म्हटलं. "लाव तुझं गाणं."

मागं सतरंजीवर बसलेल्या बायका पुढं येऊन पाहुण्यांच्या सोफ्यांवर बसल्या. नाच सुरू झाला. गप्प बसेल ती बाई कसली.

"अगं, टाचाच टेकवत न्हाईत पोरी!"

"पाय एवढा वर? इजार तरी सैल शिवायची."

"ह्ये बघ, इळा असा धरत्यात व्हय? बोट तुटंल तिचं!"

हे बोलणारी एका मुलीची आई होती. ती उठली, मुलींच्या मधोमध उकिडवी बसली आणि विळा कसा धरायचा ते दाखवू लागली. नातीनं गाणं बंद केलं, मुलींना म्हणाली, "नीट बघा." दुसरी बाई म्हणाली तसं न्हाई, असं. तिसरी डावखुरी. अर्धा तास भांडण झालं. मग मुलींनी सगळा नाच पुन्हा केला. या खेपेला बघता बघता माझी कंबर दुखायला लागली. याला चांगलं म्हणतात की वाईट, मला माहीत नाही.

संध्याकाळी गावाच्या ग्रुपवर सहाही बापांनी लिहिलं, अप्रतिम नृत्य. सगळ्यांत लांब दिरानं.

दुसऱ्या दिवशी त्यातले दोन बाप दिराला घेऊन माझ्याकडं आले. "वैनी, नाच ठीक हाय," दीर म्हणाला, "पण पोरींना पुढं पाठवायचं म्हंजी..."

"म्हंजी काय? काल तर अप्रतिम लिहिलं. का बघितलाच न्हाई?"

"बघितला की," एक बाप म्हणाला. "लई भारी."

"काय आवडलं?"

तो दुसऱ्याकडं बघायला लागला. दुसरा म्हणाला, "त्ये... शेवटचं."

"मग सोमवारी येळेवर पाठवा."

सोमवारी सहाही आल्या. नात तोंड पाडून उभी. "आज्जी, त्यांनी काहीच पाहिलं नाही. खोट्यावर क्लास चाललाय."

"पोरी खऱ्या हायेत ना?" मी म्हटलं. "टाचा वर करायला सांग."