दाजींच्या हातची जोड

माझ्या ताईचा नवरा गाड्यांचा इलेक्ट्रिशियन आहे. मी त्यांना दाजी म्हणते आणि माझं ऐकून अख्खी गल्ली त्यांना दाजीच म्हणते. त्यामुळे ताईला एका लग्नात दोनशे भाऊ मिळाले. त्यातला एकही भाजीची पिशवी उचलू लागत नाही, ही तिची तक्रार वेगळी.

दाजी साठीला टेकलेत. उंची बेताची, पोट त्याहून जरा जास्त, आणि आवाज असा की बॉनेटमध्ये डोकं घालून पुटपुटले तरी रस्त्यापलीकडचा माणूस वळून बघतो. त्यांची खासियत म्हणजे अबोला धरलेल्या गाड्या. आजकालच्या गाडीत एक कॉम्प्युटर नसतो, पाच-सात असतात. इंजिनाचा वेगळा, ब्रेकचा वेगळा, स्टिअरिंगचा वेगळा, समोरच्या काट्यांचा आणखी वेगळा. एकमेकींभोवती पिळलेल्या दोन तारांवरून ही मंडळी दिवसभर एकमेकांना काहीबाही सांगत असतात. त्यात खंड पडला की गाडी भांबावते. मग स्कॅनर लावला की पडद्यावर कोडांची रांग लागते. ब्रेक म्हणतो, इंजिन माझ्याशी बोलत नाही. काटे म्हणतात, ब्रेक बोलत नाही. स्टिअरिंग म्हणतं, माझ्याशी तर कुणीच बोलत नाही.

असा कोड आला की बाकीचे मेकॅनिक ज्याच्याविरुद्ध जास्त तक्रारी त्याला काढून नवा बसवतात. दाजी तसलं काही करत नाहीत. "कोड म्हणजे तक्रार, निदान नव्हे," हे वाक्य मी त्यांच्या तोंडून इतक्यांदा ऐकलंय की झोपेत उठवलंत तरी म्हणून दाखवीन. "तक्रार करणारा ठणठणीत असतो आणि ज्याची तक्रार तोही ठणठणीत असतो. मधली तार बघा!" पंचवीस वर्षं ते मधली तार बघतायत आणि त्यांना ती सापडतेही. पण आपल्याला ती सापडते हे त्यांना जरा जास्तच ठाऊक आहे.

आता माझ्याबद्दल. मी ड्रायव्हिंग शिकवते. माझी एकच गाडी आहे आणि तिच्यात माझ्या बाजूलाही एक ब्रेक आहे. पोट त्या ब्रेकवर चालतं आणि जीवही त्याच्यावरच वाचतो. काही महिन्यांपूर्वी ही गाडी शिकवणीच्या मध्येच वेड्यासारखी वागायला लागली. समोरचे सगळे दिवे एकदम पेटायचे, वेगाचा काटा शून्यावर पडायचा, स्टिअरिंग दगडासारखं जड व्हायचं. दोन मिनिटांनी सगळं पूर्ववत.

नेमक्या तेव्हाच दाजींच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं होतं. हिरवी पट्टी बांधून ते घरी बसले होते आणि ताईला घर कसं चालवावं ते शिकवत होते. मी काय करणार? गाडी समोरच्या दुकानात नेली, मौनीकडे.

मौनी हे नाव दाजींनीच ठेवलेलं. नऊ वर्षं तो दाजींच्या हाताखाली होता. कामात हुशार, पण बोलायचं म्हटलं की दिवसाला चार वाक्यं, त्यातली दोन "हो" आणि "बरं". तीन वर्षांपूर्वी त्यानं रस्त्यापलीकडे स्वतःचं दुकान टाकलं तेव्हा दाजींनी नारळाएवढं तोंड करून "उत्तम" म्हटलं होतं आणि त्यानंतर त्या दुकानाकडे पाठ करून खुर्ची मांडली होती.

मौनीनं माझी गाडी तीन दिवस ठेवली. सगळे कनेक्टर उघडून साफ केले, बॅटरीची टोकं घासली, एकेक वायर तपासली. गाडी आठवडाभर नीट चालली आणि मग पुन्हा तेच, म्हणून मी ती पुन्हा त्याला दाखवून आणली.

इकडे दाजींची पट्टी निघाली आणि पहिल्याच दिवशी त्यांच्या नव्या डोळ्याला मौनीच्या दुकानातून बाहेर पडणारी माझी गाडी दिसली. झालं! घरचा इलेक्ट्रिशियन जिवंत असताना मेहुणी परक्याच्या दारात! मी म्हटलं, "दाजी, तुम्हाला तेव्हा चमचा दिसत नव्हता, वायर काय दिसणार?" पण ऐकतील तर दाजी कसले. त्या दिवसापासून त्यांनी येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायला सुरुवात केली की मौनीनं चांगल्या गाडीची वाट लावली.

ही बडबड बडबडीवर थांबली असती तर मी काही लिहिलंही नसतं. पण गल्लीच्या टोकाला शाळा आहे, तिच्या अकरा बस आहेत, आणि त्या बसचं वायरिंगचं काम वर्षभरासाठी मौनीला मिळायचं जवळजवळ ठरलं होतं. तो या कामाच्या भरवशावर दुसरा गाळा बघून आला होता. गुरुवारी शाळेचे वाहतूकवाले साहेब दाजींकडे आले आणि त्यांनी सरळ विचारलं, "तुमच्या हाताखालचा माणूस आहे. कसा आहे?"

दाजी म्हणाले, "त्याच्या हातात टॉर्चसुद्धा देऊ नका."

साहेबांनी मान हलवली आणि सोमवारी कळवतो म्हणून गेले. मी तिथेच होते. मला राग आला, पण मी गप्प बसले. मी तरी का बोलू? माझी गाडी दुरुस्त व्हायची होती आणि ती आता दाजींच्या हातात होती.

दाजींनी गाडी दोन दिवस स्वतः चालवली. बाजारातून नेली, खड्ड्यातून नेली, उलटी नेली. कोड येईना. "गाडी शहाणी आहे, वेड तुला लागलंय," असं म्हणून त्यांनी किल्ली माझ्या हातात ठेवली. शनिवारी सकाळी पहिल्याच शिकवणीला सगळे दिवे पेटले. मी तशीच गाडी घेऊन गॅरेजात परत गेले आणि गाडीपेक्षा मोठ्या आवाजात ओरडले.

मग दाजींनी विचार केला. विचार करताना ते कान खाजवतात. "ही फक्त शिकवताना बिघडते," ते म्हणाले. "तुझा सगळ्यात वाईट विद्यार्थी कोण?"

त्या पदासाठी स्पर्धाच नव्हती. हेडसरांना फोन केला. हे एक निवृत्त मुख्याध्यापक. यांचं आयुष्य इतरांना "पुढे बघ" म्हणण्यात गेलं, त्यामुळे स्वतः पुढे बघायची सवय राहिलेली नाही. सर चालवायला, मी शेजारी, आणि मागच्या सीटवर मांडीवर स्कॅनर घेतलेले दाजी. निघालो.

पहिल्याच वळणावर सरांना जुना विद्यार्थी दिसला. त्यांनी त्याला हात केला, मान वळवली आणि गाडीही तिकडेच वळवली. मी ब्रेक हाणला. दिवे पेटले. दाजी मागून आनंदानं ओरडले, "आला! आला!" सरांना वाटलं विद्यार्थी गाडीखाली आला. त्यांनी दोन्ही हात सोडून डोळे झाकले. मी पुन्हा ब्रेक हाणला. पुन्हा दिवे.

गाडी कडेला लावून आम्ही तिघे घाम पुसत बसलो. दाजी एकदम शांत आवाजात म्हणाले, "ब्रेक कुणी दाबला?"

"कोण म्हणजे? मी! सर दाबतात थोडेच!"

"म्हणजे तुझ्या बाजूचा. मी एकटा चालवत होतो तेव्हा तुझ्या बाजूचा ब्रेक कुणी दाबलाच नाही."

सर हळूच म्हणाले, "माझं काही चुकलं का?"

"सर," दाजी म्हणाले, "तुमच्या चुकण्याचा आज पहिल्यांदा कुणाला तरी उपयोग झाला."

सरांना रिक्षात बसवून आम्ही गॅरेजात आलो. दाजींनी बॅटरी सोडली आणि मीटरच्या दोन पिना स्टिअरिंगखालच्या सॉकेटमध्ये घातल्या. गाडीतल्या कॉम्प्युटरांना जोडणाऱ्या त्या दोन तारांच्या दोन्ही टोकांना एकशेवीस-एकशेवीस ओहमचा अडथळा बसवलेला असतो. तार अखंड असली की मीटरला दोन्ही मिळून साठ दिसतात. मध्ये तुटली की एकच टोक दिसतं, म्हणजे एकशेवीस. मीटरवर साठ होते. "दाब," दाजी म्हणाले. मी माझा ब्रेक दाबला. एकशेवीस! सोडला. साठ. इतके दिवस आम्ही गावभर फिरलो आणि बिघाड माझ्या टाचेखाली होता. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय.

दाजी माझ्या बाजूच्या पायांच्या जागेत डोकं खाली घालून शिरले. पाय बाहेर, चपला हवेत. मी टॉर्च धरून उभी. गालिचा उचलल्याचा आवाज आला, टेप सोलल्याचा आला, आणि मग दाजींचा.

"हे बघ! हे बघ काय केलंय! अखंड तार कापली, तिसरी तार आणून जोडली आणि तिन्ही टोकं नुसती पिळून ठेवलीत! सोल्डरचा डाग नाही, काही नाही. ब्रेकचा दांडा हलला की जोड हलते. कुठल्या गाढवाचं काम आहे हे? असल्या माणसाचे हात बांधून ठेवायला पाहिजेत! बरोबर बोललो मी साहेबांशी. त्या मौनीशिवाय..."

"दाजी, ती तिसरी तार जाते कुठे?"

"जाते वर. थांब, ओढून बघतो."

त्यांनी ओढली आणि डॅशबोर्डवर माझ्यासमोरचं छोटं मीटर हललं. शिकवणाऱ्याला वेग दिसावा म्हणून बसवलेलं ते मीटर. चार वर्षांपूर्वी. दाजींनी बसवलेलं.

चपला हवेत तशाच राहिल्या. मी दाजींना वीस वर्षं ओळखते. ते झोपेत बोलतात, जेवताना बोलतात, दात काढताना डॉक्टरशी बोलत होते. त्या दिवशी ते किती वेळ गप्प होते हे मी सांगितलं तर ताई विश्वास ठेवणार नाही.

मग आतूनच आवाज आला. "त्या दिवशी लाइट गेली होती."

मला आठवलं. लाइट गेली होती आणि माझे विद्यार्थी खोळंबले होते, म्हणून मी त्यांच्या डोक्यावर बसले होते. आत्ताच्या आत्ता गाडी द्या, उद्या काय ते सोल्डर करा, असं मीच म्हटलं होतं. तो उद्या काही उजाडला नाही. तेव्हा त्या गाढवपणात माझाही वाटा होता, हे इथे कबूल करून टाकते.

दाजी बाहेर आले. त्यांनी सोल्डरिंग आयर्न तापवला, जोड नीट केली, गालिचा बसवला. मीटरवर साठ, ब्रेक दाबला तरी साठ. हात पुसत म्हणाले, "झालं. चहा सांग."

"आणि मौनीचं काय?"

"त्याचं काय? त्याला तरी सापडलं का?"

"दाजी, सोमवारी त्याचं काम जाणार आहे."

"त्यालाही सापडलं नाही ना? मग! चूक माझी असेल, पण शोधायला तो बसला होता. तीन दिवस."

हे खरं होतं आणि म्हणूनच मला जास्त संताप आला. मी म्हटलं, "आपलं ठेवायचं झाकून आणि दुसऱ्याचं पाहायचं वाकून! तुम्ही गाढव म्हणालात, हात बांधा म्हणालात, मी कानांनी ऐकलंय. आता मी जाऊन साहेबांना सांगू, की ताईला सांगू?"

साहेबांचं त्यांना काही वाटलं नसतं. ताईचं नाव काढल्यावर ते उठले.

रस्ता ओलांडायला तीन वर्षांत पहिल्यांदाच निघालेला माणूस दोन्हीकडे बघत उभा राहिला, जणू वाहनांमुळेच थांबलाय. रस्त्यावर एकही वाहन नव्हतं. मी दंडाला धरून नेलं.

मौनी एका फ्यूजच्या डब्यात वाकला होता. दाजींना बघून तो उभा राहिला आणि स्टूल पुढे केलं. दाजी बसले नाहीत. त्यांनी खिशातून फोन काढला, साहेबांना लावला आणि स्पीकर चालू केला. त्यांच्या आवाजाला स्पीकरची गरज नव्हती, पण साहेबांचं मौनीला ऐकू जायला हवं होतं.

"साहेब, गुरुवारी मी तुम्हाला सांगितलं ती नुसती तक्रार होती. निदान आज झालं. मेहुणीच्या गाडीची वाट मी लावली होती. चार वर्षांपूर्वी. याचा काही संबंध नाही."

"म्हणजे? बसचं काम याला द्यायचं?"

"द्यायचं."

"अहो, पण टॉर्चसुद्धा देऊ नका म्हणालात ना?"

"ती मला देऊ नका," दाजी म्हणाले आणि फोन बंद केला.

मला वाटलं, झालं, सुटलो. दाजींनाही तसंच वाटलं असावं, कारण त्यांचा आवाज लगेच मूळपदावर आला. "पण मला एक सांग," ते मौनीवर डाफरले, "नऊ वर्षं काय शिकवलं तुला? तीन दिवस गाडी तुझ्याकडे होती. ती जोड तुला दिसली नाही?"

"दिसली," मौनी म्हणाला.

"मग उघडली का नाहीस?"

मौनीनं हातातला फ्यूज खाली ठेवला. मग त्याच्या दिवसाच्या चार वाक्यांतली सगळी त्यानं तिथेच खर्च केली.

"टेप तुमच्या हातची होती. नऊ वर्षांत तुम्ही सोल्डरशिवाय जोड बंद केलेली मी बघितली नाही. म्हणून तेवढी एक सोडली. बाकीची सगळी गाडी उघडून बघितली."

कुणी दाजींना चार शिव्या दिल्या असत्या तर त्यांनी आठ परत केल्या असत्या. हे ऐकून मात्र ते स्टुलावर बसले. नव्या डोळ्यातून आणि जुन्या डोळ्यातून, दोन्हीतून पाणी आलं. ते त्यांनी पुसलं नाही.

"उघडायची होतीस रे," ते म्हणाले, इतकं हळू की मलाही जेमतेम ऐकू आलं.