बोल्ट बंद झाला होता
सँडरिंगहॅमच्या इंडियन दुकानातून आणलेली कुकरची रिंग नवऱ्याने झाकणात दाबली आणि म्हणाला, "दुसऱ्या मेकची आहे, पण बसली बघ," तेव्हा मला एकदम वेलिंग्टन आठवलं. तिथे मी इमर्जन्सीत नर्स होते. एका सकाळी शिकारीवरून एका माणसाला आणलं. रायफल त्याच्या तोंडाशीच फुटली होती. बंदुकीच्या जळक्या दारूचा वास त्याच्या ओल्या लोकरी जॅकेटला चिकटला होता. बाहेर त्याचा भाऊ बसला होता, चिखलाने भरलेले गमबूट, हात मांड्यांखाली दाबलेले. चहा दिला, तो त्याने घेतला नाही. सांगत सुटला. रायफल एकच, बॅरल दोन: डुकरांसाठी जाड गोळीचं, बकऱ्यांसाठी बारीक गोळीचं. सकाळी या बाहेर बसलेल्या भावानेच बारीक बॅरल चढवलं होतं. बॅरलमध्ये गोळी ढकलून मागून बंद होणारा बोल्ट दोन्हींना तोच, गोळ्यांचं मॅगझिनही तेच, आणि त्या मॅगझिनमध्ये आदल्या दिवशीच्या जाड गोळ्या तशाच राहिल्या होत्या. "पण बोल्ट बंद झाला होता," तो म्हणाला. "बोल्टला जरा जोर लावावा लागला, पण झाला. चुकीची गोळी असती तर झालाच नसता, हो ना?" आत त्याच्या भावाचा डोळा काढायची तयारी चालली होती. तो पुन्हा पुन्हा तेच विचारत राहिला. इथे कुकर नुकताच गॅसवर चढला होता. मी पुढे होऊन गॅस बंद केला. "बट इट फिट्स, आई," लेक म्हणाली. म्हटलं, बसते म्हणूनच, आणि झाकण काढून रिंग उपसून कचऱ्यात टाकली.