हो म्हणा, नाहीतर नाही म्हणा

बॅगा दुरुस्त करणाऱ्या त्या बाईला सगळे दाभणकाकू म्हणत. हातात सदा दाभण असायचं म्हणून, आणि जीभही त्याच जातीची म्हणून. मोठ्या रस्त्याच्या कोपऱ्यावर तिची पत्र्याची टपरी. कुणाची चेन बसवून दे, कुणाचा पट्टा शिवून दे, असं करत तिने दोन लेकी वाढवल्या.

नवरा गेला आणि टपरीचा परवाना त्याच्याच नावावर राहिला. तो आपल्या नावावर करून घ्यायला काकूने अर्ज दिला, त्याला तीन वर्षं होऊन गेली. कचेरीतून ना हो, ना नाही. केव्हाही जा, साहेब जेवायला गेलेले.

"एवढं जेवून माणूस दारातून आत येतो तरी कसा?" काकू विचारायची.

नोटीस मात्र चटकन आली. परवाना तुमच्या नावावर नाही, महिनाअखेर टपरी हलवा.

थोरली लेक म्हणाली, "आई, सोड आता. माझ्याकडे येऊन राहा."

"येईन की. आधी या मेल्यांना तोंड तर उघडू दे."

काकूने एक वकीलबाई गाठली. ती म्हणाली, "परवाना द्या असं कोर्ट थेट नाही सांगायचं. अर्जावर निर्णय घ्या, एवढं सांगेल."

"मला तरी दुसरं काय हवंय?"

पण कागद पाहून वकीलबाईने कपाळाला हात लावला. एकही कागद हरवू नये म्हणून काकूने सगळा गठ्ठा मेणाच्या दोऱ्याने दुहेरी टाक्यात शिवून टाकला होता, बॅगेचा पट्टा शिवतात तसा. आणि पोचपावतीवर दाभण गेलं होतं नेमकं शिक्क्यातल्या तारखेतून.

कोर्टात कचेरीच्या वकिलाने तेच धरलं. "तारीखच दिसत नाही. अर्ज केव्हा आला, मुळात आला का, कोण सांगणार?"

वकीलबाई हात ओढत होती तरी काकू उठली. "साहेब, भोक मी पाडलंय, चूक कबूल. पण पावतीवरचा आवक नंबर धड आहे. यांच्या वहीला काही मी दाभण लावलं नाही. ती आणायला सांगा."

न्यायाधीशांनी चष्म्यावरून एकदा पाहिलं आणि वही मागवली. पुढच्या तारखेला ती आली. नंबरासमोर तीन वर्षं दोन महिन्यांपूर्वीची तारीख होती, आणि शेऱ्याचा रकाना कोरा करकरीत. आदेश झाला: सहा आठवड्यांत कारणांसह निर्णय द्या, तोवर टपरीला हात लावू नका.

जिन्यात कचेरीचा कारकून म्हणाला, "काकू, हुरळू नका. साहेब नाहीच म्हणाले तर?"

"म्हणू देत. कारण लिहून, खाली सही करून म्हणू देत. मग त्या कागदाशी भांडते. मुक्याशी कुठवर भांडू?"

पुढल्या सोमवारी कचेरी उघडली तेव्हा काकू आधीच बाकावर होती, मांडीवर एक तुटका पट्टा घेऊन.

"झाला का निर्णय?"

"अहो, आत्ताशी एक आठवडा झालाय."

"मग पाच उरले," काकू म्हणाली, आणि दोरा ओवायला घेतला.